विसाव्याचा खडा

कुंभारीच्या पुढं, अक्कलकोटच्या वाटेला, माळावर सिद्धाप्पा धनगराचं घर होतं, आणि त्या घरात एक खडा होता. लिंबाएवढा. तुरटीसारखा, पण जरा पिवळसर, आणि भर थंडीत हातात धरला तरी कोमट लागणारा. सिद्धाप्पाच्या पणज्याला विहीर खणताना तो काळ्या खडकाच्या पोटात सापडला होता. तसा दुसरा खडा पुढं कुणाला मिळाला नाही. घरात त्याला विसाव्याचा खडा म्हणत. बोलताना नुसताच इसावा.

एरवी तो लोकरीच्या घोंगड्यात गुंडाळून उतरंडीमागं ठेवलेला असे. लोकरीत असला की तो नुसता दगड. पण घोंगडं सोडलं की त्याच्याभोवती, बाजेएवढ्या जागेत, वेळ जड होऊन बसे. त्या जागेतल्या माणसाची पापणी एकदा लवेपर्यंत बाहेर या मंगळवारच्या बाजारापासून त्या मंगळवारचा बाजार येई. आतला एक श्वास म्हणजे बाहेरचे तीन महिने.

धनगरांना त्याचा उपयोग एकच ठाऊक होता. मेंढी विताना मेली आणि कळपात दुसरी दुभती मेंढी नसली, की घरातलं कुणीतरी त्या पोरक्या कोकराला मांडीवर घेऊन बसे आणि आपल्या हातानं घोंगडं सोडी. कोकरू तसंच राही, ना भूक, ना मरण. बाहेर दुसरी मेंढी व्यायला झाली की बाहेरच्यांनी लांबून दुसरं घोंगडं खड्यावर टाकायचं. हात घालायची सोय नव्हती. हात आत गेला की माणूसही आत अडकलाच. टाकलेलं घोंगडं त्या जागेत शिरलं की तेही जड होई, आणि खड्यावर उतरायला वीस-बावीस दिवस घेई. ते जुनं, मऊ झालेलं असावं लागे. चिंचोक्याची खळ दिलेलं नवं घोंगडं ताठ राहतं, खड्यावर नीट बसत नाही. सिद्धाप्पाचा आजा अशी कोकरं घेऊन इतक्या वेळा बसला होता, की म्हातारपणी बाजारात लोक त्याच्या धाकट्या भावालाच थोरला समजून आधी पाया पडत.

बावीस सालच्या माघात सिद्धाप्पाच्या ज्ञानूला डबा झाला, लहान पोरांच्या छातीत कफ दाटतो ते दुखणं. तीन वर्षांचं पोर. छाती भात्यासारखी खालीवर होत होती, नाकपुड्या फुलत होत्या, आणि दर श्वासाला बरगड्यांखाली खळगा पडत होता. अंगाला हात लावला तर तव्याला लावल्यासारखं. ओवा झाला, बिब्बा झाला, अंगारा झाला. सिद्धाप्पानं सोलापूरला न्यायला गाडी जुंपली, पण पोराला उचलताच त्याचे ओठ निळे पडले. पोराच्या आईनं, मायाक्कानं, त्याला परत मांडीवर घेतलं.

"ह्यो गाडीत जगायचा न्हाय," ती म्हणाली. "तुमी जावा. औषध घिऊन या. मी इसावा सोडते."

"माणसासाटी कुणी सोडला न्हाय अजून."

"कोकरं वाचत्यात की. मग ह्यो काय कोकरापरीस वायला हाय?"

थोरली लेक बजा तेव्हा नऊ वर्षांची. आईनं तिला विहिरीवर पाण्याला पाठवलं होतं. ती कळशी घेऊन परत येईतो पोराचे डोळे फिरले, आणि मायाक्कानं तिची वाट न बघता घोंगडं सोडलं. बजा दारात आली तेव्हा बाप गाडीवर चढत होता, आणि आत आई, पाठ जरा वाकलेली, एक हात पोराच्या कपाळावर.

"आई, कळशी कुटं ठिवू?"

आई काही बोलली नाही. मागून आत्या आली, बापाची विधवा बहीण, नागव्वा. तिनं बजाचा दंड धरून तिला उंबऱ्याच्या बाहेर ओढलं.

"पुढं जाऊ नगं गं यव्वा. तुझी आई इसाव्यात हाय."

सिद्धाप्पा चौथ्या दिवशी आला. रिकामा. मोठ्या डॉक्टरांनी सांगितलं होतं की, ह्या दुखण्यावर अजून औषध निघालेलं नाही. अंगणात बसून त्यानं बहिणीला एवढंच सांगितलं आणि मग जुनं घोंगडं काढलं, झटकलं, हातावर घेतलं आणि दारात उभा राहिला. बराच वेळ उभा राहिला. मग त्यानं ते घडी करून खुंटीवर ठेवलं.

"निगंल," तो म्हणाला. "आज न्हाय, निगंल की कवातरी. गोरा सायब आगगाडी काढतो, औषध न्हाय का काढणार?"

त्या दिवसापासून दर मंगळवारी बाजाराहून आला की तो ते घोंगडं खुंटीवरून काढी, दारात उभा राही, आणि पुन्हा खुंटीला लावी.

बजाच्या कळशीच्या प्रश्नाला उत्तर द्यायला आईची मान वळायला लागली होती. ते प्रथम नागव्वाच्या ध्यानात आलं. रोज बघितलं तर काही दिसत नसे, पण पंधरा दिवसांनी बघितलं की आईची हनुवटी जोंधळ्याच्या दाण्याएवढी पुढं सरकलेली असे. होळी झाली, पाडवा झाला, आणि वैशाखाच्या उन्हात एके दिवशी आईचे डोळे दारात पोचले. बजा तिथंच उभी होती. सकाळी उठून दारात उभं राहायचं, भाकरी दारातच खायची, आणि दिवेलागणीपर्यंत हलायचं नाही, असं तिचं तीन महिने चाललं होतं. आत्या म्हणे, "अगं, परसाकडं लागली तर जाऊन ये की, आई काय पळून चालली न्हाय." बजा म्हणे, "मी गेले आनि तिनं बगितलं तर?"

आई तिच्याकडं दोन महिने बघत होती. ओठ जरासे उघडले होते. 'तितं' म्हणायचं होतं तिला. तिथं ठेव. त्या दोन महिन्यांत बजानं वेणी घालून घेतली, रोज तोंड धुतलं, आईला बरं दिसावं म्हणून काजळ घातलं. आषाढात आईची नजर पुन्हा पोराकडं खाली निघाली. त्या दिवशी बजा जेवली नाही.

मग वर्षं गेली. गिरण्यांचे भोंगे वाऱ्यावर ऐकू येत, तसेच येत राहिले. मेंढरं व्याली, विकली, कातरली. बजा लोकर पिंजायला शिकली, सूत काढायला शिकली, खळ लावायला शिकली. तेराव्या वर्षी तिला स्थळ आलं, श्रीमंत नावाचं पोरगं, मंगळवेढ्याकडचं. सगळं ठरलं. पण लेकीला पहिली हळद आईनं लावायची ही घरची रीत, आणि आई मेलेली असती तर चुलतीनं लावली असती. आई मेलेली नव्हती. आई समोर बसली होती. जिवंत आईला डावलून हळद लावायला गावातली एक बाई पुढं झाली नाही.

"थांबा की दोन सालं," सिद्धाप्पा पाहुण्यांना म्हणाला. पाहुणे दोन वर्षं थांबले. मग थांबले नाहीत.

स्थळ आलं त्याच साली आईनं दुसऱ्यांदा वर बघितलं. नजर उचलायला लागली हे दिसताच नागव्वानं हिशेब केला आणि म्हणाली, "ती नऊ सालाची पोर हुडकनार. दारात एवढी ताडमाड बाई दिसली तर भिऊन जाईल." मग बजा दारात उकिडवी बसली. पहिल्या वेळी तिचं डोकं चौकटीला जिथं लागत होतं, तेवढ्या उंचीला डोकं ठेवून, गुडघे पोटाशी घेऊन. आईची नजर आली, नेमकी त्या जागी थांबली, आणि महिनाभर थांबली. बजाच्या पायाला मुंग्या येत, मांड्या थरथरत, पण ती उठत नसे. नागव्वा तिच्या पाठीला तेल चोळी आणि हसवायला बघे.

"माझी भावजय माझ्यापरीस चार सालांनी मोटी हुती. आता माझ्या बरोबरीची झाली. आनिक जरा बसली तर बाहीर येऊन मलाच म्हातारे म्हननार बग."

तिसऱ्यांदा आईनं वर बघितलं नाही.

तीस साली, सोलापुरात मार्शल लॉ लागला तेव्हा, नागव्वा गेली. चौतीस साली सिद्धाप्पा गेला. अंथरुणाला खिळल्यावर त्यानं बाज दारात टाकायला लावली, तिथून बायको दिसे. ती अजून सत्तावीस वर्षांची होती. केस काळेभोर, कपाळाचं कुंकू ओलं. त्याचे दात पडले होते.

"बजे," तो म्हणाला, "घोंगडं तू टाक. माज्यानं झालं न्हाय. हात उचलला की वाटायचं, आज टाकलं आनि उद्या औषध निगालं तर?"

बजानं मान डोलावली. पण बाप गेला, तेरावं झालं, आणि तिनं घोंगडं हातावर घेतलं, तेव्हा तिचाही हात उचलेना. आत ज्ञानूच्या बरगड्यांखालचा तो खळगा तिला स्पष्ट दिसत होता. आपण टाकायचं, बावीस दिवस बघत राहायचं, आणि मग तो आपल्यासमोर मरणार. तिनं घोंगडं घडी करून खुंटीला लावलं. बापाला तिनं मनात कितीदा भेकड म्हटलं होतं. त्या दिवसापासून म्हटलं नाही.

मग ती दर महिन्याला सोलापूरला जायला लागली, सरकारी दवाखान्यात, औषध निघालं का विचारायला. तिथं सुंदरम्मा नावाची नर्स होती, शहराच्या पूर्वभागातल्या साळ्यांची. तिच्या घरी माग होते, तेलुगू बोलत, पण तिचं मराठी बजापेक्षा खणखणीत. पहिल्यांदा तिला वाटलं ही बाई डोक्यानं गेलेली आहे. मग एकदा ती कुंभारीला आली, दारातून आत बघितलं, आणि दुसऱ्या महिन्यापासून बजा दिसली की लांबूनच नकाराचा हात हलवायची, म्हणजे बजाला रांगेत उभं राहायला नको.

एकोणचाळीस सालच्या उन्हाळ्यात तिनं हात हलवला नाही. ती चालत पुढं आली.

"मुंबईहून गोळ्या आल्यात बजक्का. पांढऱ्या. परवा विडी वळणारीचं पोर गेलंच म्हणत होते, तिसऱ्या दिवशी बाहेर खेळत होतं."

"मी आजच घोंगडं टाकते," बजा म्हणाली. "वीस दिसांत तू गोळ्या घिऊन ये."

घरी येऊन बजानं खुंटीवरचं घोंगडं काढलं. सतरा वर्षं खुंटीला राहून ते फडक्यासारखं मऊ झालं होतं. दारात उभं राहून तिनं ते दोन्ही हातांनी टाकलं. उंबऱ्यापुढं ते झपकन गेलं आणि मग एकदम, पसरलेलंच, हवेत राहिलं. आता परत घ्यायची सोय नव्हती.

बावीस दिवस बजा दारात बसून ते घोंगडं बघत होती. एका सकाळी ते आईच्या खांद्याच्या रेषेत असलं, तर संध्याकाळी बोटभर खाली. एकोणिसाव्या दिवशी सुंदरम्मा रजा घेऊन आली, गोळ्यांची पुडी पदराला बांधून. दोघी आळीपाळीनं बसल्या. बजानं लुगडं बदललं, केस विंचरले. काय बोलायचं ते तिनं घोकून ठेवलं होतं. आई, मी बजा. घाबरू नगंस. एवढंच.

बाविसाव्या दिवशी दुपारी घोंगड्याची कड खड्याला लागली, आणि खोलीत आवाज आला. पहिला आवाज ज्ञानूच्या घरघरीचा होता. सतरा वर्षं ती घरघर बजानं बघितली होती, ऐकली कधी नव्हती.

"या की बिगीनं, पोर बगा—" आई म्हणत होती. तिला वाटलं नवऱ्यानं घोंगडं टाकलं. वर बघितलं तर दोन परक्या बायका. "तुमी कोन? आमचं मालक कुटं हायत?"

समोर बसलेली आई बजाच्याच वयाची होती. तिच्यापेक्षा जरा उजळ, तिच्यापेक्षा जरा तरुणच म्हणा.

"दवाखान्यातनं आलोय, अम्मा," सुंदरम्मा म्हणाली. तिनं चटकन गोळी चुरली, मेंढीच्या दुधात कालवली. "पोराचं डोकं वर धरा."

ज्ञानूनं अर्धं सांडलं, अर्धं गिळलं. आई त्याला छातीशी धरून बसली. बजा त्यांच्यापासून हातभर अंतरावर, भिंतीला टेकून. आत आता हात घालता येत होता आणि तिचा हात पुढं जात नव्हता.

घटका गेली असेल नसेल. ज्ञानूच्या कपाळावर घाम आला. मग मानेवर आला, पाठीवर आला, अंगावरचं फडकं भिजलं. आई "अगं बया, गार पडतंय का काय" म्हणत घाबरली, पण सुंदरम्मानं नाडी धरली, छातीला कान लावला, आणि तिच्या तोंडावर काहीतरी विचित्र भाव आला. पोराचा श्वास सावकाश झाला होता. तो झोपला होता.

"जगला," ती म्हणाली. मग बजाला डोळ्यानं खूण करून बाहेर गेली.

बाहेर गोठ्याच्या सावलीत ती बजाकडं न बघता बोलली.

"पोराला ताप कधी आला होता, तेव्हा?"

"बुधवारी. आनि आईनं इसावा सोडला तो मंगळवार."

"म्हणजे सातवा दिवस."

"व्हय. का?"

"गोळीनं नाही उतरला ताप, बजक्का. गोळीला एक दिवस तरी लागतो, अजून ती पोटातच आहे. हा ताप असाच असतो. सातव्या नाहीतर नवव्या दिवशी काहींना आपोआप घाम सुटतो. काहींना नाही सुटत. ह्याला सुटणार होता. त्याच दिवशी सुटला असता. त्याच घटकेला. तुझ्या आईनं घोंगडं सोडलं नसतं तरी."

बजा गोठ्याच्या मेढीला धरून उभी राहिली. आतून आईचा आवाज येत होता, झोपलेल्या पोराला काहीतरी सांगणारा. हा आवाज विसरले होते मी, असं बजाच्या मनात आलं. बापाचं तोंड आठवलं, दर मंगळवारचं, दारातलं. आत्याचा तेलकट हात आठवला. मग तिनं डोळे पुसले आणि म्हणाली, "आत बोलू नगंस ह्यातलं. कदीच."

ती आत गेली तेव्हा आई दाराकडं बघत होती, बजाच्या अंगावरून पलीकडं.

"बाई, भाईर माझी पोर दिसली का? नऊ सालाची. आत्ताच बगितली हितं दारात, उकिडवी बसली हुती. पाण्याला गेलती."

बजा तिच्यापुढं बसली. घोकलेलं सगळं विसरलं. तिनं नुसते दोन्ही हात पुढं केले. आईनं त्या हातांकडं बघितलं, लोकरीनं चरे पडलेल्या बोटांकडं, आणि मग बराच वेळ अंगठ्यांकडं. अंगठे सिद्धाप्पाचे होते, टोकाला आखूड आणि चपटे. मायाक्कानं सावकाश तोंड वर केलं.

"किती?" तिनं विचारलं.

"सतरा सालं."

"आनि ते?"

बजानं मान खाली घातली. आईनं कपाळाला हात लावला, कुंकू बोटाला लागलं, त्या बोटाकडं बघत राहिली. रडली नाही. दारात जिथं ती पोर दिसली होती तिथं पुन्हा बघितलं, आणि पुन्हा बजाकडं.

"तुजी हळद?"

"ऱ्हायली."

"मी महिना दोन महिन्यासाटी सोडला गं," आई म्हणाली. "मला वाटलं, आखाडात शेंगा पेरायला हात लावीन." मग तिचा आवाज एकदम कडक झाला. "त्या वक्ताला औषध नव्हतं का? खरं सांग."

"नव्हतं."

"आता गोळीनं वाचला न्हवं?"

बजानं तिच्या डोळ्यांत बघितलं. "व्हय. गोळीनंच."

"मग तुज्या बानं केलं ते बरूबर केलं," आई म्हणाली, आणि तेव्हा कुठं तिला रडू आलं.

सुंदरम्मा संध्याकाळच्या गाडीनं गेली. जाताना पुडी परत बांधायला लागली, तर बजानं ती तिच्या हातातून काढून घेतली. अकरा गोळ्या उरल्या होत्या. निरोगी पोराला त्यांची गरज नव्हती, पण आईनं गोळ्या बघितल्या होत्या, आणि किती द्यायच्या ते विचारलं होतं.

तिसऱ्या दिवशी ज्ञानू उठून बसला, भाकरी मागायला लागला, कोकरामागं धावायला लागला. आईचा हात धरून तो ह्या नव्या बाईकडं चोरून बघे. आई बजाला 'जेव की', 'बस की' म्हणे, ताटात तूप जास्त वाढी, पाहुणीला वाढतात तसं. एकदा बजाची वेणी घालायला बसली. अर्ध्यावर हात थांबला. केसांत दोन-तीन पांढरे होते. मग तिनं फणी बजाच्या हातात दिली.

त्या दुपारी बजानं चुरलेली गोळी दुधात कालवून आणली. ज्ञानूनं तोंड वेडावलं आणि फुर्र करून सगळी बाहेर उडवली. आईनं त्याच्या पाठीत धपाटा घातला.

"गिळ," ती म्हणाली. "ह्या गोळीपायी माझी पोर गेली. गिळ म्हनते न्हवं."

ज्ञानू भोकाड पसरून रडायला लागला. बजा वाटी घेऊन समोर उभी होती. तिनं वाटीच्या कडेला राहिलेला चुरा बोटानं गोळा केला, भावाचं उघडं तोंड धरलं आणि ते बोट त्याच्या जिभेवर पुसलं.